पंधरावं वर्ष: नौदलात राहायचं की घरी परतायचं?

“पुढच्या वर्षी त्याची पंधरा वर्षं पूर्ण होताहेत. त्याने एक्सटेन्शन घ्यावं की पेन्शन घेऊन घरी यावं?”

नौदलात मुलगा, भाऊ किंवा जावई असलेल्या घरात हा प्रश्न कधी ना कधी येतोच. कोकणातल्या गावात तो विचारला गेला, तर शेजारच्या दोन घरांत तरी त्याचं उत्तर आधी शोधलेलं असतं. भोपाळमध्ये तसं नसतं. हबीबगंज, अरेरा कॉलनी, शिवाजीनगर किंवा भेलच्या पिपलानी-बरखेडा वसाहतींतल्या मराठी घरांना बँक, रेल्वे आणि कारखान्याची नोकरी ओळखीची. जहाजावरची मात्र परकी. मुंबईचा समुद्र इथून रेल्वेने आठशे किलोमीटरहून दूर आहे. हबीबगंज स्टेशनचं नाव नोव्हेंबर २०२१ मध्ये राणी कमलापती झालं. त्याच फलाटावर सुट्टीवरून परतणाऱ्या मुलाला निरोप देणाऱ्या घरच्यांना त्याची ‘मुदत’ म्हणजे नेमकं काय, हे बहुतेक वेळा कुणी नीट सांगितलेलं नसतं. निर्णय मात्र त्यांनाही घ्यायचा असतो. म्हणून हे प्रकरण अगदी पायापासून सुरू करू.

१. मुदत म्हणजे काय?

नागरी सरकारी नोकरीत माणूस लागतो तो साधारण साठीपर्यंत. मध्येच नको वाटली तर राजीनामा देतो. नाविकाची नोकरी या रीतीने चालत नाही. तो ठरावीक वर्षांच्या करारावर भरती होतो. त्या वर्षांना ‘इनिशियल एंगेजमेंट’, म्हणजे पहिली मुदत म्हणतात. बारावी करून एसएसआर (सीनियर सेकंडरी रिक्रूट) म्हणून भरती झालेल्या नियमित नाविकासाठी ही मुदत १५ वर्षांची असे. तांत्रिक शाखेच्या आर्टिफिसर अप्रेंटिससाठी ती २० वर्षांची. जून २०२२ मध्ये अग्निपथ योजना आली आणि एसएसआरच्या नव्या भरतीचं चित्र बदललं. त्याकडे शेवटी वळू.

ओडिशात चिल्का सरोवराकाठी आयएनएस चिल्का हा तळ आहे. नाविकाचं पायाभूत प्रशिक्षण तिथे होतं. पुढे शाखेप्रमाणे वाटा फुटतात: इंजिनवाले लोणावळ्याच्या आयएनएस शिवाजीत, विजेचं काम शिकणारे जामनगरच्या आयएनएस वलसुरात, भांडार आणि हिशेब पाहणारे मालाडच्या आयएनएस हमलात. अठराव्या वर्षी भरती झालेला मुलगा तेहतिशीत पहिल्या मुदतीच्या टोकाला येतो. तोवर त्याचं लग्न झालेलं असतं, मूल पहिली-दुसरीत असतं आणि तो हुद्द्याने लीडिंग किंवा पेटी ऑफिसर झालेला असतो. बँकेत लागलेला त्याचा वर्गमित्र या वयात जेमतेम स्थिरावत असतो. नाविकाच्या हाती मात्र निवृत्तीचा अर्ज असतो.

ही पंधरा वर्षांची रीत काही पहिल्यापासूनची नाही. एके काळी नाविक दहा वर्षं सक्रिय सेवा करी आणि त्यानंतर दहा वर्षं ‘फ्लीट रिझर्व्ह’मध्ये राही. म्हणजे तो घरी असे, पण बोलावणं आलं तर हजर व्हावं लागे. १९७६ मध्ये सरकारने हा राखीव ताफा बंद केला. जुन्या अटींवर भरती झालेले आणि दहा वर्षांनी बाहेर पडलेले अनेक नाविक त्यामुळे अधांतरी राहिले, कारण राखीव सेवा झाली नाही म्हणून राखीव पेन्शनही नाही. हा वाद पार सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. न्यायालयाने २०१६ मध्ये राखीव पेन्शन नाकारली, पण अशा नाविकांना ‘विशेष पेन्शन’ देण्याचा आदेश दिला. हे लोक तोवर म्हातारे झाले होते. मुदतीच्या अटी कागदावर काय आहेत आणि त्या मध्येच बदलल्या तर आपलं काय होईल, हे तरुणपणी विचारून ठेवणं किती गरजेचं आहे, ते मला या खटल्याइतकं दुसऱ्या कशातून पटलेलं नाही.

२. इच्छा नाविकाची, मंजुरी नौदलाची

घरातल्यांचा पहिला गैरसमज इथे असतो. राहायचं की नाही हे आपणच ठरवायचं आहे, असं त्यांना वाटतं. खरं तर हा निर्णय दोघांचा असतो.

पहिली मुदत संपायच्या बरीच आधी नाविकाला विचारलं जातं, तू पुढे सेवा करायला तयार आहेस का? याला ‘विलिंगनेस’ देणं म्हणतात. त्याने हो म्हटलं की त्याची वैद्यकीय श्रेणी, वर्तणुकीचा शेरा, कमांडिंग ऑफिसरची शिफारस आणि त्याच्या शाखेतली गरज, हे सगळं तपासलं जातं. मग काही वर्षांची वाढीव मुदत मंजूर होते. ती संपत आली की पुन्हा तीच वाट. नाविकांच्या नेमणुका, बढत्या आणि मुदतींचं हे काम मुंबईत मानखुर्दच्या चीता कॅम्पमधलं ‘ब्यूरो ऑफ सेलर्स’ पाहतं. जहाज विशाखापट्टणमला असो की कारवारला, कागद फिरून तिथेच येतो.

उलट बाजूही ध्यानात ठेवावी. मुदत संपण्याआधी सोडून जाणं हा नाविकाचा हक्क नाही. बाहेर चांगली नोकरी लागली म्हणून हवाई दलातल्या एका जवानाने मध्येच सुटका मागितली होती. त्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये स्पष्ट केलं की, सैन्यदलात भरती झालेल्या माणसाला ठरलेल्या मुदतीत मनाला येईल तेव्हा सेवा सोडण्याचा बिनशर्त अधिकार नसतो. शिवाय पेन्शन पदरात पडण्याआधी स्वतःच्या विनंतीवरून बाहेर पडलेला माणूस सरकारी व्याख्येनुसार ‘माजी सैनिक’ ठरत नाही, त्यामुळे पुढच्या आरक्षणाचाही लाभ जातो. बाराव्या वर्षी कंटाळून “सोडून ये रे” म्हणणाऱ्या वडिलांना हे कुणीतरी शांतपणे समजावून सांगायला हवं.

वाढीव मुदत एकदा मंजूर झाली की ती वर्षंही अशीच बांधलेली असतात. विलिंगनेसवर सही करायची, तर घरचं बोलणं त्याआधी झालेलं असावं. म्हणून माझ्या मते खरा निर्णय पंधराव्या वर्षी नव्हे, तेराव्याच वर्षी घ्यायचा असतो.

३. पेन्शनचा हिशेब

नाविकाला पेन्शनसाठी किमान १५ वर्षांची सेवा लागते. पहिली मुदत आणि पेन्शनची अट एकाच रेषेवर येतात, म्हणूनच हा प्रश्न नेमका त्या वर्षी उभा राहतो.

आकडे मांडून पाहू. समजा, आपला नाविक पेटी ऑफिसर आहे आणि सातव्या वेतन आयोगाच्या मोजपट्टीवर त्याचं मूळ वेतन ३७,००० रुपये आहे. त्यात लष्करी सेवा वेतन ५,२०० रुपये मिळवू, कारण तेही पेन्शनसाठी धरलं जातं. बेरीज ४२,२००. पेन्शन त्याच्या निम्मी, म्हणजे २१,१०० रुपये. त्यावर महागाई मदत वेगळी.

आता ग्रॅच्युइटी. पूर्ण झालेल्या दर सहा महिन्यांच्या सेवेमागे पाव महिन्याचं वेतन मिळतं. पंधरा वर्षांत असे ३० टप्पे होतात, म्हणून साडेसात महिन्यांचं वेतन, आणि त्यात महागाई भत्ताही धरतात. यांखेरीज शिल्लक रजेचे पैसे आणि नेव्हल ग्रुप इन्शुरन्स फंडाची रक्कम असते.

सगळ्यात गोंधळ होतो तो ‘कम्युटेशन’वर. सैनिकाला आपल्या पेन्शनचा निम्म्यापर्यंतचा भाग विकून एकरकमी पैसे घेता येतात. घराची एक खोली पंधरा वर्षांसाठी भाड्याने दिली आणि सगळं भाडं आजच हातात घेतलं, तसाच हा व्यवहार. त्या खोलीचं भाडं पंधरा वर्षं येणार नाही, त्यानंतर पुन्हा सुरू होईल. आपल्या उदाहरणात १०,५५० रुपये विकले, तर तिशी-पस्तिशीच्या वयात वर्षाच्या रकमेच्या सुमारे ९ पट मिळतात: १०,५५० गुणिले १२ गुणिले ९, म्हणजे ११ लाख ३९ हजारांच्या आसपास. दरमहा हातात उरतात १०,५५०. महागाई मदत मात्र पूर्ण २१,१०० वरच मिळत राहते. विकलेला भाग तो अठ्ठेचाळिशीत आल्यावर परत जोडला जातो. घराच्या कर्जाचं ओझं असेल तर हा पैसा कामाचा. नातेवाइकांच्या लग्नात आणि नव्या गाडीत गेला तर पुढची पंधरा वर्षं महिन्याच्या महिन्याला जाणवतो.

आणि त्याने आणखी पाच वर्षं काढली तर? दरवर्षी तीन टक्के वेतनवाढ धरली तर मूळ वेतन साधारण ४२,९०० होतं. लष्करी सेवा वेतनासह ४८,१००, पेन्शन २४,०५०. म्हणजे पाच वर्षांनी पेन्शनमध्ये दरमहा सुमारे तीन हजारांची भर, आणि ग्रॅच्युइटी साडेसातऐवजी दहा महिन्यांची. या काळात चीफ पेटी ऑफिसरची बढती मिळाली तर आकडा आणखी चढतो. ‘वन रँक वन पेन्शन’मध्ये हुद्दा आणि सेवेची वर्षं यांवर पेन्शन ठरते, त्यामुळे हा फरक आयुष्यभर टिकतो.

एक बारीक गोष्ट बऱ्याच जणांच्या नजरेतून सुटते. बढती रखडलेल्यांना ८, १६ आणि २४ वर्षांनी आर्थिक श्रेणीवाढ मिळते. ज्याला पंधरा वर्षांत एकच बढती मिळाली आहे, तो सोळाव्याच्या एक वर्ष अलीकडे बाहेर पडतो आहे. त्याने तरी कागद-पेन घेऊन बसायलाच हवं.

४. नागरी नोकरीचं दार

केवळ पेन्शनचा हिशेब केला तर राहणं फायद्याचं दिसतं. चित्र पालटतं ते दुसऱ्या नोकरीमुळे. पेन्शन चालू असताना नवा पगार सुरू झाला, तर पस्तिशीच्या आतल्या माणसाला नागरी सेवेची पंचवीस वर्षं मिळू शकतात.

केंद्र सरकारच्या ‘क’ गटातल्या पदांत माजी सैनिकांना १० टक्के आरक्षण आहे. सार्वजनिक क्षेत्रातले उद्योग आणि सरकारी बँका यांत ‘क’ गटासाठी ते १४.५ टक्के आणि ‘ड’ गटासाठी २४.५ टक्के आहे; त्यात अपंगत्व आलेले सैनिक आणि शहिदांचे कुटुंबीय यांचा वाटाही धरलेला आहे. हबीबगंजच्या माणसाला हे आकडे कागदी वाटू नयेत. रेल्वेच्या भोपाळ विभागाच्या डीआरएमचं कार्यालय हबीबगंजातच आहे, आणि थोडं पुढे गोविंदपुऱ्याकडे भेलचा विस्तीर्ण कारखाना.

वयाचं कसं? “छत्तिसाव्या वर्षी कोण घेणार?” ही भीती बहुतेक आयांना असते. नियम असा: माजी सैनिकाच्या वयातून त्याच्या सेवेची वर्षं वजा करायची, आणि उरलेलं वय त्या पदाच्या मर्यादेहून तीन वर्षांपेक्षा जास्त नसेल तर तो पात्र. छत्तीस वर्षांचा माणूस, सेवा सोळा वर्षं. छत्तीसमधून सोळा गेले, उरले वीस. पदाची मर्यादा सत्तावीस असली तरी तो आरामात बसतो.

पदवीबद्दलही असंच. पंधरा वर्षांची सेवा झालेला दहावी उत्तीर्ण माजी सैनिक, जिथे तांत्रिक पात्रता अनिवार्य नाही अशा ‘क’ गटातल्या पदवी मागणाऱ्या पदांसाठी पात्र धरला जातो. पण पदरात खरी पदवी असलेली केव्हाही बरी. खाजगी कंपनी हा नियम मानायला बांधील नाही आणि परीक्षेतली स्पर्धा प्रमाणपत्राने कमी होत नाही. बंदरावर पोस्टिंग असतानाची दोन-तीन वर्षं दूरशिक्षणाने पदवी करण्यात घालवलेला नाविक मला नेहमी जास्त निर्धास्त दिसला आहे.

वेळेची अट इथेही आहे. मुदत संपायला एक वर्ष उरलं की सेवेत असतानाच नागरी पदांसाठी अर्ज करता येतो. त्यासाठी नौदलाची परवानगी लागते. रेल्वे किंवा बँकेची भरती जाहिरातीपासून नेमणुकीपर्यंत किती महिने खाते, हे भोपाळकरांना सांगायला नको. घरी येऊन मग तयारी सुरू करणारा माणूस त्या काळात एकट्या पेन्शनवर असतो, आणि तिचा अर्धा भाग त्याने विकलेला असतो.

आरक्षणाचा लाभ साधारणतः एकदाच मिळतो. नागरी सरकारी नोकरीत रुजू झालं की पुढच्या आरक्षित पदासाठी तो संपतो. रुजू होण्याआधी कुठे कुठे अर्ज केले होते ते नव्या कार्यालयाला लेखी कळवलं असेल, तरच त्या अर्जांपुरता तो टिकतो. त्यामुळे पहिली मिळेल ती नोकरी पकडताना एक कागद आठवणीने द्यायचा.

मराठी घरात आणखी एक विचार हळूच डोकावतो: पुण्याला किंवा नागपूरला स्थायिक होऊ. महाराष्ट्र शासनाच्या नोकरभरतीत माजी सैनिकांना १५ टक्के समांतर आरक्षण आहे, पण तिथे अधिवासाचा प्रश्न येतो. भोपाळमध्ये जन्मलेल्या आणि शिकलेल्या मुलाने केवळ मातृभाषेवर भिस्त ठेवू नये. केंद्राच्या नोकऱ्यांना ही अडचण नाही.

५. पुन्हा समुद्रावर

काहींना समुद्र सोडवत नाही. त्यांच्यासाठी व्यापारी जहाजं आहेत. त्या नोकऱ्यांचे नियम नौवहन महासंचालनालय ठरवतं. नौदलातली पंधरा वर्षं थेट चालत नाहीत. सुरक्षेचे एसटीसीडब्ल्यू अभ्यासक्रम करावे लागतात आणि सीडीसी, म्हणजे खलाशाची नोंदपुस्तिका, काढावी लागते. इंजिनरूममध्ये काम केलेल्यांना ही वाट सोपी जाते. पगार चांगला, पण महिनोन्‌महिने घर नाही. जो घरासाठी नौदल सोडतो आहे, त्याने ही वाट पहिल्या क्रमांकावर ठेवू नये असं मला वाटतं.

निवृत्तीआधी मिळणारं पुनर्वसन प्रशिक्षण मात्र कुणीच सोडू नये. संरक्षण मंत्रालयाचं पुनर्वसन महासंचालनालय त्याचे अभ्यासक्रम ठरवतं. सुटल्यावर जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात नाव नोंदवायचं, आणि इंडियन नेव्हल प्लेसमेंट एजन्सीकडेही. पेन्शनचे कागद मुंबईतलं नेव्हल पेन्शन ऑफिस पाहतं. ते मानखुर्दलाच, आयएनएस तानाजीच्या आवारात आहे. सेवापुस्तकातलं पत्नीचं नाव, मुलांच्या जन्मतारखा आणि आधारवरची स्पेलिंगं जुळत नसतील, तर ती नोकरीत असतानाच दुरुस्त करून घ्यावीत. भोपाळहून हे काम सोपं नाही.

६. जे हिशेबात मांडता येत नाही

आतापर्यंत सगळं पैशांचं बोललो. निर्णय बहुतेकदा फिरतो तो दुसऱ्या गोष्टींवर.

मुलांची शाळा पाहा. कारवार, कोची, विशाखापट्टणम अशा बदल्यांत मूल दर दोन-तीन वर्षांनी शाळा बदलतं. केंद्रीय विद्यालयामुळे अभ्यासक्रम तोच राहतो, मित्र राहत नाहीत. पंधराव्या वर्षी मूल सात वर्षांचं असेल तर त्याला कुठेही रुजवता येतं. विसाव्या वर्षी ते सातवीत असतं, आणि तेव्हा उपटून आणलेलं रोप रुजायला वेळ घेतं.

पत्नीचं आयुष्य तर या चर्चेत सर्वांत कमी विचारात घेतलं जातं. नवरा जहाजावर असताना दवाखाना, बँक, शाळा, घरमालक हे सगळं तिने एकटीने निभावलेलं असतं. तिची नोकरी बदल्यांमुळे सुटलेली असू शकते. मुंबईतलं सरकारी क्वार्टर सोडून हबीबगंजला सासू-सासऱ्यांच्या घरात कायमचं राहायला येणं हा तिच्यासाठी बदलीहून मोठा बदल आहे. तिला विचारलं नाही आणि वडील-मुलाने फोनवर ठरवून टाकलं, तर तो निर्णय हिशेबाने बरोबर असूनही घरात बरोबर बसत नाही.

वैद्यकीय सोयीचा विचार आई-वडिलांसाठीही करावा लागतो. माजी सैनिकांसाठीची ईसीएचएस योजना एप्रिल २००३ पासून आहे. तिचा लाभ पेन्शनधारकाला, त्याच्या पत्नीला, अवलंबून असलेल्या मुलांना आणि आई-वडिलांना मिळतो. भोपाळमध्ये लष्कराचा मुख्य वावर बैरागढला, ३ ईएमई सेंटरच्या बाजूला. हबीबगंजहून ते शहराचं दुसरं टोक. पण वडिलांच्या हृदयाचं किंवा आईच्या गुडघ्यांचं दुखणं निघतं तेव्हा हे अंतर कुणी मोजत बसत नाही.

आणि तो स्वतः? अनेक नाविक सांगतात की जहाजावर आपल्याला नक्की माहीत असतं आपण कोण आहोत: हुद्दा, काम, पहाऱ्याची वेळ. बाहेर आल्यावर बँकेच्या खिडकीवर नव्याने कारकुनी शिकताना, आपल्याहून दहा वर्षांनी लहान साहेब असताना, पहिलं वर्ष जड जातं. घरच्यांनी त्या वर्षाची तयारी ठेवावी.

७. अग्निवीर: चार वर्षांनी तोच प्रश्न

आता एसएसआर म्हणून लागणारी मुलं आणि मुलीही चार वर्षांसाठी ‘अग्निवीर’ म्हणून जातात. पहिली तुकडी नोव्हेंबर २०२२ मध्ये चिल्कात प्रशिक्षणाला गेली आणि मार्च २०२३ मध्ये बाहेर पडली. तिच्यात महिलाही होत्या. चार वर्षांनंतर जास्तीत जास्त २५ टक्के जणांना नियमित सेवेत घेतलं जाईल, अशी योजना आहे. बाकीच्यांना पेन्शन नाही, ग्रॅच्युइटी नाही, ईसीएचएस नाही.

त्यांचा हिशेब वेगळा मांडायचा. पगार पहिल्या वर्षी ३०,०००, मग ३३,०००, ३६,५०० आणि ४०,०००. यातले ३० टक्के कापून निधीत जातात: दरमहा ९,०००, ९,९००, १०,९५० आणि १२,०००. चार वर्षांचे मिळून ५.०२ लाख. तितकीच भर सरकार घालतं. म्हणजे १०.०४ लाख, वर व्याज. हा ‘सेवानिधी’ करमुक्त आहे. पंधरा वर्षं सेवा झालेल्या नाविकाला कम्युटेशनमधून मिळणाऱ्या रकमेच्या जवळपास जाणारा हा आकडा. फरक इतकाच की यामागे दरमहा येणारं काही नाही. वय मात्र बावीस-तेवीसच असतं.

इथे विलिंगनेसचा अर्थही बदलतो. पंधरा वर्षं सेवा झालेल्या नाविकाने हो म्हटलं, अंगाने तंदुरुस्त असला आणि शेरा चांगला असला, तर त्याला पुढची मुदत मिळण्याची आशा ठेवता येते. अग्निवीराची निवड स्पर्धेतून होते, चौघांतला फार तर एक. म्हणून त्याच्या घराने दोन्ही शक्यतांची तयारी पहिल्या वर्षापासून करावी. केंद्रीय सशस्त्र पोलीस दलांत त्यांच्यासाठी १० टक्के जागा जाहीर झाल्या, मध्य प्रदेश सरकारने जुलै २०२४ मध्ये पोलीस भरतीत आरक्षणाची घोषणा केली, आणि जून २०२२ मध्ये जहाज मंत्रालयाने व्यापारी जहाजांवर जाण्याचे सहा मार्ग जाहीर केले. बारावीनंतर गेलेल्या मुलाने तिसऱ्या वर्षापर्यंत पदवीची निदान दोन वर्षं दूरशिक्षणाने उरकली, तर बाहेर पडताना त्याच्यासमोर पोलीस भरतीखेरीज पदवीवरच्या परीक्षाही असतील. प्रवेश अर्ज, परीक्षा केंद्र आणि रजा यांची जुळवाजुळव जहाजावरून जमत नाही. ती हबीबगंजच्या घरातूनच कुणीतरी करायची असते, आणि ते काम मुलगा चिल्काला निघतो त्याच महिन्यात सुरू करता येतं.